सोनलशी झोपेत बोललो

४ नोव्हें., मंगळ.
काल नळावर बाजूची सोनल म्हणाली, "पुढच्या आठवड्यात पडघ्याचे पाहुणे येणारेत, मला बघायला." तिथंच सगळं बदललं. मी बादलीला लाथ मारली. कॉलेज अर्धवट टाकलेला, राहनाळच्या गोडाऊनला नाइट करणारा मी. बोलणार काय?

६ नोव्हें.
एक रील बघितलं. स्वप्न चालू असताना 'हे स्वप्न आहे' असं ओळखायचं, मग हवं ते करायचं, जागेपणी जमत नाही त्याची सवय करायची. खाली कमेंटमध्ये कुणी गेलेल्या आईला भेटलंय, कुणी इंटरव्ह्यूची भीती घालवलीय. ओळखायला आपली खूण ठरवा म्हणे. माझी ठरली. आमच्या कामतघरच्या वस्तीत लूमचा, यंत्रमागांचा खडखडाट दिवसरात्र कानातून जात नाही. स्वप्नात तो नसतो.

१० नोव्हें.
जमलं!! आवाज नव्हता, लगेच ओळखलं. जिन्यात सोनलला सगळं सांगितलं. ती हसली. उठून नळावर सोनलसमोर गेलो तर तोंडातून निघालं, "पाणी आलं का?"

१४ नोव्हें., शुक्र.
नाइट करून झोपलो. दुपारी डोळे उघडले तर शांत. म्हटलं, स्वप्न लागलं. बनियनवरच सोनलच्या घरात. पाहुणे बसलेले, तिच्या हातात चहाचा ट्रे. हात धरला. "ठेव ते. मला तू हवीयस." चहा पायावर सांडला. भाजलं, तेव्हा कळलं.
शुक्रवार. लूमला दर शुक्रवारी सुट्टी. नाइटमुळे वारच कळत नाही...
पाहुण्यांनी विचारलं, हा कोण. भोईरकाका, तिचे वडील, म्हणाले, "कोन न्हाय. बाजूचा पोरगा हाय."
मी पळालो.

१५ नोव्हें.
पाहुण्यांचा नकार आला. आईला रीलचं, खुणेचं सगळं सांगितलं. "झोपेत होतास म्हणे. त्यांच्या दारातल्या पायपुसण्याला पाय पुसून आत गेलास, मेल्या." मग रडत बसली.

१६ नोव्हें.
सोनल जिन्यात भेटली. वर बघेना.
"स्वप्न समजून बोललास, असं सांगत फिरतोयस ना? बाबांना पण तेच सांग. नाहीतर खरं काय ते सांग. पण पळू नकोस."

१७ नोव्हें.
भोईरकाकांचा निरोप, संध्याकाळी ये. आई म्हणते, झोपेत होतो म्हण, पाया पड, मिटेल. मिटेलच. सोनलसकट. खरं बोललो तर काका हाकलतील, तिचं बाहेर पडणं बंद करतील. दुपारभर झोपून बघितलं, आधी स्वप्नात बोलून बघू म्हणून. डोळाच लागला नाही.
शर्ट घातलाय. आई विचारतेय, काय सांगणार? मला कुठं माहितीय.
चाललो. दार ओढून घेतो, तिथं बोलेन ते आईनं ऐकायला नको.