आईच्या भूपाळ्यांवर भरलेला खेळ

मी, सौ. सुचेता सुधीर फणसे, वय ६७, मॅट्रिक पास, काम घर चालवणे, राहणार ब्राह्मण आळी, भिवंडी, जि. ठाणे, कुलस्वामिनीला स्मरून आणि कोणाच्याही सांगण्यावरून नव्हे, हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहीत आहे. माझे डोके शाबूत आहे. या घरात तेवढे एकच शाबूत असल्याने हे काम माझ्याकडे आले.

१. राहते घर माझ्या नावावर आहे. माझ्या पश्चात ते मुलगी प्राजक्ता व मुलगा भावेश यांचे, निम्मे निम्मे. यजमानांना हयातभर राहण्याचा हक्क. त्यांना कोणी हलवू नये. टीव्हीसमोरून ते मलाही कधी हलवता आले नाहीत.

२. देव व देवघर प्राजक्ताला. भावेशच्या काल्हेरच्या फ्लॅटमध्ये देवघर 'शोभत नाही' म्हणे. देवांनाही तिथे करमले नसते.

३. जुना कॉम्प्युटर. यजमानांच्या आतेभावाने १९८८ साली आखातातून आणला. टीव्हीला जोडायचा, टेपवर कॅसेट लावायची, ती बराच वेळ किंचाळायची, मग खेळ सुरू. खेळ काय, तर एक हिरवा गडी वटवाघळे चुकवत भुयारातून देवळात शिरतो आणि मूर्ती पळवतो.

"अहो, हा तर चोर!"

"चोर नव्हे गं, संशोधक."

"मग पुजाऱ्याला विचारून पुढच्या दाराने जाऊ दे की."

यावर जन्मभर कारकुनी केलेल्या माणसाने टीव्हीचा आवाज वाढवला. हे यंत्र भावेशने जुनी यंत्रे जमवणारे पुण्याचे जे हौशी गिऱ्हाईक शोधले आहे, त्याला खुशाल विकावे. मूर्खांना मूर्ख बरोबर सापडतात.

४. पिवळ्या लेबलाची कॅसेट मात्र विकायची नाही. तीत माझी आई चंद्राबाई हिने माझ्या माहेरी दिघाशीला, जाण्याच्या महिनाभर आधी भूपाळ्या म्हटल्या होत्या. तिच्यावर दुसरे काही भरता येऊ नये म्हणून कडेचे प्लास्टिकचे तुकडे मी स्वतः मोडले होते. यजमानांनी त्या भोकांवर चिकटपट्टी लावली आणि खेळ जिथवर आला तिथवरचा तीत साठवत गेले, एकापुढे एक. आईच्या वर्षश्राद्धाला मी कॅसेट लावली, तर किंचाळी.

"कोरी कॅसेट मिळाली नाही गं," म्हणाले. चिकटपट्टी मात्र मिळाली.

सगळ्यात शेवटी आईची अर्धी भूपाळी तेवढी उरली आहे. आता भावेश म्हणतो, "आई, गिऱ्हाइकाला बाबांच्या कॅसेटसकट हवंय." बाबांची! आणि यजमान म्हणतात, "एकदा लावू दे, माझा गडी मूर्तीच्या दारात उभा आहे." उभा राहू दे. खेळ लावला की पुन्हा साठवतील, आणि ती अर्धीही जाईल.

म्हणून कॅसेट प्राजक्ताला. यजमानांच्या हाती ती एक क्षणही देऊ नये. माझ्या तेराव्याला तिने ती सर्वांसमोर पहिल्यापासून लावावी, पुढे पळवू नये. यजमानांनी पुढच्या पाटावर बसून सगळी किंचाळी ऐकावी. ती संपली की माझी आई अर्ध्या शब्दापासून गाईल. तेव्हा कोणी बोलायचे नाही.

सही: सौ. सुचेता सुधीर फणसे

साक्षीदार (दोघींनी माझ्यासमोर वाचून, माझ्यासमोर सह्या केल्या, दोघींना यातले काही मिळायचे नाही):
१. सौ. भाविका किशन पाटील, शेजारी
२. श्रीमती कमळ महादू भोईर, निवृत्त शिक्षिका

भिवंडी, दि. ११ फेब्रुवारी २०२५