ड्रुसिलाची हाक

ग्रेडी, आर्कान्सा
३ एप्रिल १९४९

चि. क्लियोटिस यास अनेक आशीर्वाद.

तुझ्या बँडची तबकडी न्हाव्याच्या दुकानात ऐकली. शिसारी आली. डुकरांना चाऱ्यावर बोलवायची माझी हाक तू नाचाच्या गाण्यात घातलीस. ‘सूऽऽई, ड्रुसिला’ म्हणत तुझा सॅक्सोफोन किंचाळतो आणि माणसं मांड्या थोपटतात. वर ऐकतो की तू जमिनीवर पाठ टेकून, पाय झाडत वाजवतोस. अंगात तुझ्या आईने शिवलेला कोट असतो ना?

नीट जेवतोस का? छातीला गारवा लागू देऊ नकोस.

ईस्टरनंतरच्या रविवारी तुझ्या आईच्या थडग्यावर नावाचा दगड बसवायचा आहे. ती हाक गाण्यातून काढ, नाहीतर येऊ नकोस.

तुझ्या काळजीने झोप न लागणारा,
बाबा

कॅन्सस सिटी
१२ एप्रिल

ती. बाबांना सा. न. वि. वि.

जेवतो. वाजवण्याआधी कोट काढून ठेवतो.

हाकेचा प्रश्न मिटला. तबकडी काढणाऱ्या कंपनीने आमचं गाणं चार गोऱ्या पोरांकडून गाऊन घेतलं. रेडिओवर दिवसभर तेच. काल नाचघराच्या मालकाने बजावलं, ते गाणं तुम्ही वाजवू नका, लोक म्हणतील त्या पोरांची नक्कल करता. आमचा ड्रमवाला टायरी म्हणाला, उद्या स्वतःच्या आईला हाक मारायलाही यांना विचारावं लागेल. मला हसू आलं नाही.

आता आम्ही ते वाजवत नाही. मग आईच्या दगडाला येऊ ना?

माया आटू देऊ नका.
क्लियोटिस

ग्रेडी
१६ एप्रिल

चि. क्लियोटिस यास आशीर्वाद.

त्या पोरांचं गाणं रेडिओवर ऐकलं आणि बाहेर जाऊन थुंकलो. ड्रुसिलासाठी उसासे टाकतात, तिचे ओठ आठवतात. त्यांना ती कोणी पोरगी वाटली. न्हाव्याला म्हटलं, अरे, ती आमची लंगडी डुकरीण, क्लियोटिसच्या लहानपणी नाताळात खाल्लेली. तो वस्तरा ठेवून खालीच बसला. मीही हसलो, मग पुन्हा किळस आली. असल्या मिळमिळीत हाकेने डुकरं कुंपण तोडून पळतील. तुझं किंचाळणं त्यापेक्षा खरं. फक्त शेवटी तू सूर वर नेतोस, तो खाली आणायचा असतो.

ये. सॅक्सोफोनही आण. दगड बसला की डुकरांच्या कुंपणाशी जाऊ. ड्रुसिलाची नात आहे तिथे. हाक कोणाची, ते तिलाच ठरवू दे.

कोट घालून ये, आणि उभा राहून वाजव. खाली चिखल आहे.

वाटेकडे डोळे लावून,
बाबा