‘नशीब काढलं’ आणि आप्पांचा डबा

१२ जून १९९८
लग्नाला महिना झाला. आज पुन्हा तेच. भाजीवाल्या मावशींनी गेटातून बंगला खालपासून वरपर्यंत पाहिला आणि म्हणाल्या, "निफाडकडची ना गं तू? नशीब काढलंस बाई." वर कोथिंबिरीची जुडी तशीच टोपलीत टाकली. नशीब काढलं की कोथिंबीरही मिळते म्हणायची.

हे वाक्य इतक्यांदा ऐकलंय की पूर्ण लिहायचा कंटाळा येतो. यापुढे नुसतं न.का.

रात्री अजितला विचारलं, तुला कुणी म्हणालं का असं? "मला कशाला म्हणतील?" हेच तर. लग्न दोघांचं, काढायचं एकीनंच.

१७ जून
आप्पा आले! लग्नानंतर पहिल्यांदा. द्राक्षबागेची औषधं न्यायला नाशकात आले होते. एम-एटी गेटाबाहेर लावली, हॉलमध्ये सोफ्याच्या अगदी कडेवर टेकले. सा.नी (सासूबाई) मला ताट वाढायला सांगितलं, तर आप्पा उठूनच उभे राहिले.

"न्हाई, रीत हाय. लेकीला लेकरू होईस्तोवर तिच्या घरचं खायाचं नसतं."

बरं, पाणी तरी?

"पानीबी नको."

ग्लास ट्रेमध्ये तसाच. आप्पा "बरंय, येतो" म्हणून निघाले. जेवायची वेळ झालेली, आता निफाडपर्यंत उपाशी जाणार म्हणून दिवसभर चुटपुट.

२० जून
उपाशी कसले! सखाराम, आमचा वॉचमन, आज सांगत होता: "ताई, तुमचे वडील त्या दिशी समोरच्या बदामाखाली बसून जेवले. मलाबी भाकर दिली. ठेचा लय झणझणीत." म्हणजे हँडलला जी पिशवी होती त्यात डबा होता. मला वाटलं औषधं. मी वर पोळीला तूप लावतेय आणि आप्पा रस्त्यापलीकडे फतकल मारून जेवताहेत. आधी हसू आलं, मग रडू. पोळी करपली ती वेगळीच.

९ ऑगस्ट
न.का. बद्दल लक्षात आलेलं. कायम भूतकाळात. "ही नशीब काढील" असं अजून कुणाच्या तोंडून ऐकलं नाही. जणू विहिरीत पडलेली कळशी, वर आली की सगळे बघायला जमतात. माहेरच्या बायका हे पुटपुटतात, सासरकडच्या मोठ्यानं म्हणतात. काहीजणी सुस्कारा जोडतात. माझ्या सख्ख्या मावशीनं म्हटलं तेव्हा नजर माझ्यावर नव्हती, बांगड्यांवर होती.

यावर उत्तर काय द्यायचं हे कुणीच शिकवलेलं नाही. "हो" म्हणावं तर शेफारली, "नाही" म्हणावं तर खाल्ल्या घरचे वासे मोजते. मी आपली चहा ठेवायला आत जाते. घरात चहा फार होतोय, असं बाबा (सासरे) परवा म्हणाले.

आणि एक. ज्यांनी म्हणायला हवं होतं ते आप्पा एकदाही म्हणाले नाहीत. मागणी आली तेव्हाही नाही. तेव्हा गोठ्यात जाऊन गाईला चारा घालत बसले होते, नुकताच घातलेला असताना.

३ नोव्हेंबर
आज तमाशा. आप्पा छाटणी उरकून आले, वर बसले, माझी चौकशी केली, खाली गेले, बदामाखाली डबा उघडला. नेमक्या शेजारच्या वहिनी गाडीतून उतरल्या. संध्याकाळी सा.ना गोड आवाजात: "अहो, तुमचे व्याही फूटपाथवर जेवतात का?"

सा. लालबुंद. सा. म्हणजे शिस्त. जेवताना आवाज नाही, बोलणं छापील, 'ण' चा 'न' झालेला चालत नाही. माझं "पानी" त्यांनी पहिल्या आठवड्यातच "पाणी" केलं. त्यांच्या स्वतःच्या माहेराचा विषय मात्र घरात कुणी काढत नाही. बागलाणातलं, एवढंच माहीत.

मला म्हणाल्या, "पुढच्या वेळी ताट खाली पाठवायचं. घरात नको, तर झाडाखाली तरी आपलं जेवतील."

२२ डिसेंबर
ताट पाठवलं. चांदीचं, वर विणलेला रुमाल. आप्पांनी हात जोडले, ताट सखारामच्या पुढे सरकवलं. सखाराम जेवला. चांदीच्या ताटात जेवलेला गंगापूर रोडवरचा पहिला वॉचमन असेल. "गुलाबजाम भारी होते," असा निरोप वर आला. अजित हसून हसून लोळला. सा. हसल्या नाहीत.

१४ फेब्रुवारी १९९९
आप्पा द्राक्षं घेऊन आले. द्राक्षं आमच्या घरी चालतात, आमचं त्यांना चालत नाही. मी आज खाली गेले, त्यांच्याजवळ बसले. धीर करून विचारलं. आप्पा, खरं सांगा. रीत आहे की लाज वाटते?

बराच वेळ भाकरी मोडत राहिले. मग म्हणाले, "रीत हाय म्हणून बरं हाय गं. नसती, तर काय कारन सांगितलं असतं मी?"

पुढे म्हणाले, "त्या टेबलावर माझं कोपर कुठं ठिवू? ते हळूहळू खात्यात. माझं जेवन आवाजाचं."

त्यांच्या डब्यातला घास घेतला. लेकीला चालतो. वर येऊन खूप रडले. मला बाकी काही नको. त्यांनी माझ्या घरी बसून, मी वाढलेलं, पोटभर जेवावं. आवाज करत.

१८ एप्रिल. अक्षय्य तृतीया
काय लिहू! जसं घडलं तसं लिहिते.

आप्पा आले, बसले, खाली गेले. मी आमरस ढवळत होते. सा. ओट्याशी उभ्या, खिडकीतून खाली बघत. एकाएकी म्हणाल्या, "आज आखाजी." आम्ही कुणी अक्षय्य तृतीयेला आखाजी म्हणत नाही. मग पदर खोचला आणि निघाल्या. पायात स्वयंपाकघरातल्या सपाता, तशाच. मी गॅलरीत धावले.

सा. रस्ता ओलांडून बदामाखाली गेल्या. आप्पा गडबडून उठायला लागले. सा.नी हातानं "बसा" केलं आणि समोर, मातीत, चक्क मांडी घातली. सिल्कची साडी! आप्पांनी गांगरून डबाच पुढे केला. सा.नी भाकरी मोडली, ठेचा लावला, खाल्ला. डोळ्यांतून पाणी. ठेच्यानं की कशानं, वरून कळेना.

आणि मग, इतक्या मोठ्यानं की मला वर ऐकू आलं: "भाऊ, ठेचा कोनी करा? भारी शे!"

शे! सासूबाई! छापील सासूबाई, आणि 'आहे'चं अहिराणी 'शे'!

आप्पा म्हणाले, तिच्या आईनं केला. मग दोघं बोलत बसले. वहिनींची गाडी आली आणि गेली. सा.नी मान वर केली नाही.

१९ एप्रिल
आज दुपारी सा. आपण होऊन बोलल्या. त्यांचं लग्न झालं तेव्हा हे घर पंचवटीत होतं. सा.चे वडील सटाण्याजवळून एसटीनं यायचे, गाठोड्यात भाकरी. लेकीला बघायचे, पाणीही न घेता निघायचे. "मन्हा बाप बी असाच गंगेवर बठीसन जेवे." गोदावरीला इथे गंगाच म्हणतात. सासू म्हणायची, त्यांची रीत आहे, आपण काय करणार. अजित पोटात असताना ते वारले. या घराचा घास त्यांच्या तोंडी लागलाच नाही.

मी विचारलं, तुम्हालाही म्हणायचे का लोक, नशीब काढलं म्हणून?

"म्हणायचे? अजून म्हणतात."

दोघी हसलो. मग त्यांनी डोळे पुसले आणि आमरसात साखर कमी होती असं सांगितलं.

११ जुलै
आता हे ठरूनच गेलंय. आप्पा आले की सा. चटई घेऊन खाली. आईनं डब्यात भाकरी वाढवल्यात, एक चटणी खास विहीणबाईंसाठी. सखारामचा वाटा आहेच. मोठ्या घरची विहीण लहान घरचं खाते, लहान घरचा व्याही मोठ्या घरचं खात नाही. बाबा गॅलरीतून बघतात आणि म्हणतात, "हे काय चाललंय, मला कुणी सांगेल का?" कुणी सांगत नाही.

आज सा.नी आप्पांना चिडवलं: "लोक म्हणतात, तुमच्या लेकीनं नशीब काढलं."

आप्पा (मी शेजारीच होते, स्वतःच्या कानांनी ऐकलं): "लोक उलटं म्हनत्यात. लेक आमची, नशीब तुमचं निघालं."

सा. खळखळून हसल्या. मी आजवर शोधत होते ते उत्तर हेच, पण ते मला देता येणार नाही. बापालाच शोभतं.

३० जानेवारी २०००
डॉक्टरीणबाई हो म्हणाल्या. मला दिवस गेलेत! अजित घरभर फिरतोय. आप्पांना फोन केला, गावातल्या दुकानात बोलावून घेतलं. बातमी सांगितली. मग "जप हां बाई" आणि, जरा थांबून, "मंग आता कारन संपलं म्हनायचं."

हसत म्हणाले की घाबरत, समजलं नाही.

१६ सप्टेंबर, माहेरी
मुलगी! काळ्याभोर जावळाची. आप्पा तिला मांडीवरून खाली ठेवत नाहीत, गाईचं दूध काढायचं राहिलं काल. बघायला येणारी प्रत्येकजण: "नशीब घेऊनच आली हो!" माझ्या लेकीला काढायचीही तसदी नाही म्हणजे. बरं झालं.

५ डिसेंबर, नाशिक
बाळाला घेऊन परत आले. आप्पा सोडायला आले होते, गेटापर्यंत. बाग आहे, फवारणी आहे, अंधार पडेल, असं काय काय.

१० जानेवारी २००१
आप्पांचा फोन. जेवायला कधी येताय? तर म्हणे, "मी इचारलं गावात. जुनी मान्सं म्हनत्यात नातू लागतो. नातीवर चालत न्हाई."

सा. शेजारीच होत्या, त्यांनी रिसीव्हर हिसकावला. "आप्पा! नात शे ना? मंग? लेकरू ते लेकरू! ती जुनी माणसं मला भेटवा एकदा!" आणि मग एकदम हळू: "मन्हा बाप राही गया, भाऊ. तुम्ही राहू नका."

मग आप्पा म्हणाले, बघू. संक्रांत होऊ द्या, मग रविवारी.

बघू म्हणजे काय, ते आम्हा दोघींनाही ठाऊक आहे.

२१ जानेवारी. रविवार
सकाळपासून घर डोक्यावर. सा.नी सटाण्याहून खापर मागवून घेतलं, मातीचं, पालथं, त्यावर पुरणाचे मांडे. तीस-एक वर्षांत केले नव्हते म्हणे. पहिला फाटला, दुसरा फाटला, तिसरा हातावर फिरत फिरत कोपरापर्यंत आला आणि त्या लहान मुलीसारख्या ओरडल्या. जेवणाचं टेबल भिंतीला सरकवलंय, खाली पाट मांडलेत. बाबांना गुडघेदुखी, तरी म्हणाले, बसेन.

अजितनं विचारलं, आलेच नाहीत तर? सा.: "मंग मी ताट लिसन बदामखाले जासू." ताट घेऊन बदामाखाली जाणार म्हणे; त्याला अर्धंच कळलं.

बारा वाजून गेले. बाळ झोपलंय. मी गॅलरीत बसून हे लिहितेय.

एम-एटी आली. सखारामनं सलाम ठोकला. हँडलला पिशवी आहे. डबा आणलाय आप्पांनी!

गाडी लावली. बदामाकडे बघितलं. पिशवी हँडलवरून काढली. पुन्हा अडकवली. डोक्यावरची टोपी काढून झटकली, पुन्हा घातली. वर बघत नाहीत. सखाराम काहीतरी म्हणतोय, आप्पा हसतायत.

पिशवी पुन्हा काढली. गेटातून आत आले, पिशवी हातात. आजवर कधी आत आणली नव्हती. सा.साठी चटणी असेल. की स्वतःची भाकरी घेऊनच पाटावर बसणार आहेत, देव जाणे.

आतून सा. ओरडताहेत, "उना का?"

उना, आई, आले. बेल वाजली. त्यांचे हात पिठात आहेत. पाण्याचा ग्लास मीच घेऊन जाते.