खेकडा नाही तिथे बांध

१६ नोव्हेंबर २००३

पाय ठणकताहेत, पण मन उड्या मारतंय! सुरगाण्याकडच्या वाडीवर ही माझी चौथी खेप. साठीनंतर कॅमेरा शिकले म्हणून गल्लीतल्या शेजारणी हसतात — हसोत बापड्या. वाडीवरच्या म्हाताऱ्या चिमणाबाईनं ओहळाचं पाणी अडवायचं आणि मी त्याचा माहितीपट करायचा, असं आमचं ठरलंय.

तिचा मुलगा देवराम आणि सून ललिता दिवाळी होताच विंचूरकडे द्राक्षांच्या कामाला गेले. दरसाल जातात. पौषात ओहळ आटतो, मग राहून खायचं काय? चिमणाबाई म्हणते, "औंदा पानी राखीन. मंग पोरं माघारी येतीन."

एवढंच तिला हवंय.

१८ नोव्हेंबर

मागच्या वर्षी सरकारी साहेबांनी बांधलेला बंधारा गळका निघाला. का गं, चिमणाबाईला विचारलं. तिनं काठावरच्या बिळात हात घातला, खेकडा काढला नि माझ्या नाकापुढे धरला! मी किंचाळले, कॅमेरा आभाळाकडे.

"भितीस काय? ह्यो आमचा इंजनेर हाय. जिथं ह्याचं बीळ, तिथली माती पोकळ. पानी थांबायचं नाय."

मग अनवाणी टाचा आपटत, जमीन पोकळ की भरीव ते जोखत खाली खाली गेली. एका जागी थांबली. बिळं नाहीत, खाली खडक. "हितं."

आणि मी शहाणी — सगळा वेळ तिचा चेहराच घेत होते! "तोंड काय घेतेस बाय? टाचा घे!"

२३ नोव्हेंबर

बांध उभा! वाडीत मागे उरलेल्या म्हाताऱ्यांनी वाळूच्या गोण्या रचल्या. मी गोण्यांची तोंडं शिवली. बोटांवर सुतळीचे वळ.

७ डिसेंबर

पाणी कमरेला!!

९ डिसेंबर

चिमणाबाईनं विंचूरला निरोप धाडला होता. देवरामचं उत्तर आलं — "म्हातारीला करमत नाय, म्हून बोलवती. पानी कुठलं ऱ्हातंय!"

ती ओहळाकडे पाठ करून बसली. पण मीच मला म्हटलं — अगं मंगले, हातच्या कांकणाला आरसा कशाला? कॅमेऱ्यात आहे की सगळं!

११ डिसेंबर

एसटीनं विंचूर गाठलं. बागेतच, वेलीखाली, दोघांना कॅमेऱ्याचा इवलासा पडदा दाखवला.

देवराम म्हणाला, "दुसरीकडचं आसंल."

पडद्यात चिमणाबाई मला ओरडत होती — "सर बाजूला, पडशील पान्यात!" ललिता खुदकन हसली. "आवं, आपल्याच आत्याबाई!"

मग देवरामनं पुन्हा बघितलं. पुन्हा. बॅटरी संपेपर्यंत. शेवटी हळूच ललिताला विचारलं, "गहू व्हईल का गं?"

१५ डिसेंबर

आले! दोघंही! चिमणाबाई आधी खेकसली — "येवढा उशीर?" मग आत गेली, ती बराच वेळ बाहेर आलीच नाही.

४ एप्रिल २००४

वाडीवरून निरोप. आणखी चार घरं परत आलीत, तरी गव्हाच्या सोंगणीला हात कमी पडताहेत. चिमणाबाई म्हणते — कॅमेरा ऱ्हाऊ दे घरी, विळा घेऊन ये.

कॅमेरा घरीच, म्हणजे माहितीपटाला शेवट नाही. चालले!