दारातली बादली

प्रिय भिंगरी,

पत्र बघून घाबरू नकोस, मी धडधाकट आहे. गुडघे कुरकुरतात, पण त्यांचं ऐकत बसलो तर रोपवाटिका कोण बघणार? बघण्यासारखं फारसं उरलंही नाही म्हणा. आणि चुका काढत बसू नकोस, तुझा बाप चौथीपर्यंतच शिकलाय.

मागच्या महिन्यात ते निवृत्त मास्तर आले. माझ्याकडून लिंबाची साठ कलमं नेली होती त्यांनी. भांडले असते तर बरं झालं असतं. नुसतं म्हणाले, काका, सहा वर्षं झाली, झाडं कमरेच्या वर जायला तयार नाहीत. जाऊन बघितलं. जोडाच्या खाली, ज्यावर कलम बांधलं त्या खुंटाची साल उभी तडकलेली, पापुद्रे सुटलेले. खत कमी पडलं असेल, पाणी जास्त झालं असेल, असं काहीबाही बोललो. मग गुपचूप फांद्या घेऊन लॅबवाल्या बाईंकडे गेलो.

बाईंनी तेच नाव सांगितलं, तू चार वर्षांपूर्वी सांगत होतीस ते. व्हायरॉइड. विषाणूला निदान अंगावर आवरण तरी असतं, म्हणे, हा नुसता उघडा दोरा, टोकाला टोक जोडलेला. पेशीत शिरतो आणि झाडाच्याच हातून स्वतःच्या नकला काढून घेतो. झाडाची स्वतःची कामं बिघडतात, वाढ खुंटते. आणि एका झाडातून दुसऱ्यात जातो कसा? कलमाचा डोळा भरायच्या चाकूवर बसून. माझ्या चाकूवर.

मी तर प्रत्येक झाडानंतर पातं पेटत्या काडीवर धरायचो. केवढा तोरा होता मला त्याचा! बाई म्हणाल्या, असल्या चटक्याला तो भीक घालत नाही, चाकू ब्लीचच्या पाण्यात बुडवावा लागतो. तेव्हा तू दारात ठेवलेली ब्लीचच्या पाण्याची बादली आठवली. गिऱ्हाइकांसमोर लाथ मारून उपडी केली होती मी. म्हणालो होतो, तू जन्मायच्या आधीपासून कलमं बांधतोय, डोळ्यांना न दिसणाऱ्याला भिऊन चाकूला आंघोळ घालू? तू बॅग भरलीस. मी अडवलं नाही.

ज्यांनी ज्यांनी कलमं नेली होती, त्यांच्या दारी सायकलने गेलो आणि खरं ते सांगितलं. काहींनी शिव्या घातल्या. बऱ्या वाटल्या, तेवढंच कोणीतरी बोललं. इथली रोपं उपटून जाळली. अजूनही सकाळी हात झारीकडे जातो. भरून होते, मग आठवतं.

एकच झाड राहिलंय. तुझ्या आईने बी लावून वाढवलेलं लिंबू. त्याचेच डोळे काढून मी सगळी कलमं बांधली. दिसायला हिरवंगार, फळांनी वाकलेलं. त्याला कलमाचा खुंटच नाही, म्हणून ते सोसतं, असं बाई म्हणाल्या. पण तपासणीत दोरा त्याच्यातही निघाला. तिने लावलं तेव्हा निरोगी होतं ते, भिंगरे. मीच कधीतरी छाटताना दिला. तोडायला हवं, कळतंय मला. तीनदा करवत काढली, तीनदा खुंटीला लावली. एकट्याच्याने होत नाही. तू ये. ब्लीचच्या पाण्याचा जोर दिवसभरात उतरतो म्हणायचीस ना, म्हणून रोज सकाळी नवं करून बादली दारात ठेवतो. बुडवायला चाकू नाही की कापायला रोप नाही, तरी ठेवतो.

तुझाच,
हेकट बाप