किटलीची चाल

सोमवार, ४ मार्च
ह्यांच्या तेराव्याला आलेले शेवटचे पाहुणे गेले. घर झाडून घेतलं, मधली खोली सोडून. तिथं किटली ह्यांनी ठेवली तशीच उभी आहे, कपाकडे निघालेली. नणंदबाई म्हणाल्या, "अगं, धूळ तरी पुसू दे!" — नाही दिली.

मंगळवार, ५ मार्च
भाऊजी आले. कॅमेऱ्याचा दांडा तेच फिरवतात. एक चित्र घ्यायचं, ह्यांनी किटली जराशी सरकवायची, पुन्हा एक चित्र. पडद्यावर ती आपली आपण चालते.
"वहिनी, कपापर्यंत पोचायचं तेवढंच राहिलंय. तुम्ही सरकवता? नाहीतर दादाचं हे काम असंच अर्धं राहील."
हो म्हटलं.

शुक्रवार, ८ मार्च
दिवसभर सरकवली. पाठ मोडली. मी घाई केली की भाऊजी ओरडतात — "सावकाश! तिची गाडी चुकत नाहीये!"

बुधवार, १३ मार्च
फिल्म धुऊन आली. भाऊजींनी भिंतीवर लावली. ह्यांची किटली डुगडुगत, थबकत चालते. माझा भाग आला आणि ती निघाली कवायतीला!
"म्हातारी एकदम तरणी झाली की, वहिनी! दादा मुद्दाम तशी चालवायचा. लकब होती त्याची."
जोड लगेच कळतो. सगळं पुन्हा करायचं.

गुरुवार, १४ मार्च
सकाळभर ती लकब जमेना. वैतागून डाव्या हातानं सरकवली. जमली!
मग लक्षात आलं. लकब कसली — ह्यांचा हात ऐकत नव्हता. शेवटच्या आठवड्यात पाण्याचा पेला धरवेना, तेव्हा डॉक्टरांना बोलावलं. त्याआधी काहीच नव्हतं. निदान आम्हाला तसंच वाटलं.
भाऊजींना बोलले नाही. ते म्हणाले, "आता अगदी दादा!"

बुधवार, २० मार्च
नवी फिल्म धुऊन आली. जोड कळत नाही.

रविवार, २४ मार्च
दुपारी सभागृहात फिल्म दाखवली. लोक हसले, टाळ्या वाजवल्या. त्याआधी ह्यांची मागच्या वर्षीची, चमच्यांची फिल्म लावली होती. चमचेही तसेच आले — डुगडुगत, थबकत.
मागच्या वर्षी!
तेव्हापासूनच हे घरी दाढी करायचे थांबले. न्हाव्याकडे जायला लागले. मी म्हटलं होतं, "थाट वाढलाय हल्ली!" हे हसले होते.
घरी आले. कुलूप काढलं. दोरीवरचे कपडे वाळले होते, ते आत आणून घड्या घातल्या.