मुअल्लिमच्या लेकीचा पलंग

५ ऑक्टोबर, शनिवार
फर्निचर कारखान्याचे मालक मुअल्लिम, म्हणजे आमचे उस्ताद, शितवी यांनी लेकीच्या पलंगाचं काम मला दिलं. उशाकडची फळी, दोन मीटर, द्राक्षवेलींची. चित्र मी कॉम्प्युटरवर काढायचं, कोरणार मशीन. सतराला, गुरुवारी, लेकीचं, सूझानचं, लग्नाचं सामान गाड्यांवर वाजतगाजत सासरी निघेल. अख्खं दमिएत्ता शहर बघेल. म्हणाले, "इंजिनिअरबाई, फळीनं माझी मान उंच केली, तर डिझाइन विभागाची प्रमुख तू." विभागात मी आणि नवी मुलगी इन्साफ. निकाल उघड आहे.

७ ऑक्टोबर, सोमवार
माझं सॉफ्टवेअर क्रॅक केलेलं आहे. चोरीचं म्हणणं अचूक नाही. खरेदीपूर्वी पारखून बघते आहे. एकवीस महिने झाले.
इन्साफ फुकटचं वापरते, कायदेशीर. मीही वापरून पाहिलं, अकरा मिनिटं. बटणं भलतीकडे. गंभीर कामाला अयोग्य.

९ ऑक्टोबर, बुधवार
नवी आवृत्ती टाकली. सूचना नीट वाचल्या. अँटिव्हायरस बंद करा. केला. इन्साफ म्हणाली, "ताई, कुलूप काढून ठेवा असं चोरच सांगतोय, आणि तुम्ही काढताय?"
नवखी आहे.

१० ऑक्टोबर, गुरुवार
फळीचं चित्र पूर्ण. सूझानने छापील कागद पाहून पसंत केला. एक पान कमी करायला लावलं.
बॅकअपची डिस्क मी कायम जोडलेलीच ठेवते. विसरण्याची शक्यता शून्य. इन्साफने वेगळी ठेवायला फाइलची आणखी एक प्रत मागितली. दिली नाही. शिस्त.

१३ ऑक्टोबर, रविवार
सकाळी ८.४०. एकही फाइल उघडत नाही. पडद्यावर सभ्य भाषेत खंडणीची मागणी. तात्पुरती अडचण.
९.१५. बॅकअपच्या डिस्कवरही तेच.
११.००. मुअल्लिमना "तांत्रिक विलंब" कळवला. ओरडले, "विलंब? पोरगी काय चटई घेऊन सासरी जाईल? तिच्या सासूचं तोंड तू बंद करणार?" मागून म्हातारे कोरीवकाम कारागीर बसयूनी म्हणाले, "मुअल्लिम, माझी छिन्नी अजून हँग झालेली नाही!" सगळे हसले. मी हसले नाही.

१५ ऑक्टोबर, मंगळवार
इन्साफने छापील कागदाचा फोटो काढून त्यावरून सगळ्या वेली तिच्या सॉफ्टवेअरमध्ये पुन्हा काढल्या. दोन दिवसांत. मूळ कल्पना माझीच, याची इथे नोंद करते. दुपारी मशीन सुरू झालं. बारीक कोपरे बसयूनींनी हाताने साफ केले.

१७ ऑक्टोबर, गुरुवार
गाड्या निघाल्या. फळी पहिल्या गाडीवर उभी. सूझानच्या सासूने दोनदा हात फिरवून पाहिला आणि काही बोलली नाही. मुअल्लिम इन्साफकडे बोट दाखवून येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होते, "हिनं केली."
मीही तिथेच उभी होते.

१९ ऑक्टोबर, शनिवार
प्रमुख इन्साफ. तिने माझ्या कॉम्प्युटरवर स्वतःचं सॉफ्टवेअर टाकलं आणि मला पहिला धडा दिला: एक चौकोनी खोका, कोपरे गोल. माझ्या पदवीला हे शोभत नाही. दहा मिनिटांचं काम.
दुपारी साडेचारला तिला विचारलं, कोपरा गोल कसा करायचा. म्हणाली, "सरका थोडं, ताई, दाखवते."
सरकले.